तिरडीवरच्या मिरच्या

माळावरच्या झोपड्या, निपाणीनजीक
कार्तिक वद्य ५, शके १८२४

चि. भरमूस जिनदत्त उपाध्ये याचे अनेक आशीर्वाद.

गाव उठले. जैन बस्तीच्या गाभाऱ्यात भगवंतांच्या पायरीवर उंदीर मरून पडू लागले तेव्हाच मी ओळखले होते. पण ओळखणे आणि मानणे यांत आपल्या गावी पंधरा दिवसांचे अंतर असते. प्लेगने नऊ माणसे नेल्यावर पाटलांनी दवंडी दिली आणि चार दिवसांत सगळे गाव इथे माळावर येऊन राहिले. मी जन्मभर अपरिग्रहावर प्रवचने केली. तुझी वहिनी प्रेमला मात्र पाटा-वरवंटा, सात बरण्या आणि दारावरचे तोरण घेऊन निघाली. तोरण कशाला म्हटले, तर म्हणाली, "झोपडीला दार असंलच की." दार नाही. तोरण आहे.

तुझी कांता सामानाच्या गाडीवर सगळ्यांत उंच बसून आली. तिची आई गेल्यापासून तीन वर्षे ती आमच्याकडे आहे, पण इतकी खूश मी तिला पाहिली नव्हती. नऊ वर्षांच्या पोरीला प्लेग म्हणजे जत्राच.

आता एक नवल ऐक. बांबूच्या गाड्या आल्या त्या झोपड्यांपुरत्याच, आणि पुढच्या कधी येतील याचा भरवसा नाही. म्हणून पाटलांनी हुकूम काढला, की दर झोपडीने दोन बांबू जादा घ्यावेत आणि एक तिरडी आधीच बांधून दाराशी उभी करून ठेवावी. ऐनवेळी धावाधाव नको. घरात सगळी माणसे हिंडती-फिरती असताना तिरडी बांधायची, म्हणजे मरणाला पाट-पाणी मांडून हाक मारायची. मी जाऊन पाटलांना शास्त्र सांगितले. ते शांतपणे म्हणाले, "शास्तर खरं हाय, गुरुजी. पर बांबू न्हाईत."

सहा वर्षे न्यायशास्त्र घोकले, याला उत्तर सापडले नाही. आमच्याही दाराशी ती उभी आहे. येता-जाता मी तोंड फिरवतो, आणि कांताला तिकडे फिरकू देत नाही.

काळजी नसावी. कळावे.

जिनदत्त


बेळगाव, ता. २७ नोव्हेंबर १९०२

तीर्थस्वरूप आण्णांस भरमाचा साष्टांग नमस्कार, वि. वि.

पत्र पोचले. तोरणाचे वाचून हसलो, तिरडीचे वाचून ताट बाजूला सारले.

कचेरीत माझ्याकडे सध्या प्लेगच्याच तक्त्यांचे काम दिले आहे. तालुक्यांतून गावोगावचे मृतांचे आकडे येतात, ते स्वच्छ अक्षरात उतरवून मी वर पाठवतो. म्हणून सांगतो, आपल्या गावचा आकडा चांगला नाही. कांताला इकडे आणून पोचवा. शहरातला जोर ओसरला आहे. लष्करी कॅम्पाच्या अंगाला मी खोली घेतली आहे. शेजारच्या जयाबाई मायाळू आहेत, पोरीकडे बघतील. रेल्वेच्या तपासणीत लोकांना दहा-दहा दिवस अडकवतात, तेव्हा संकेश्वरावरून बैलगाडीनेच यावे. उशीर नको.

वहिनींस नमस्कार. कांतास गोड पापा.

ता. क. आपले पत्र कचेरीत वाचून दाखवले. "शास्तर खरं हाय, पर बांबू न्हाईत" हे आता आमच्या हेडक्लार्कांच्या तोंडी बसले आहे. कोणी रजा मागितली की तेच ऐकवतात.

आपला, भरमा


माळावरून, मार्गशीर्ष शुद्ध ६

चि. भरमूस आशीर्वाद.

मंगळवारी कांताला घेऊन निघणार होतो. पण गाड्या सगळ्या पाटलांनी सरपणाला लावल्या आहेत. सरपण कशासाठी, ते तुझ्या तक्त्यात येईलच. पौर्णिमेनंतर गाडी मोकळी होईल असे म्हणतात.

तुझ्या हेडक्लार्कांस माझे धन्यवाद सांग, आणि हेही वाचून दाखव. शेजारच्या झोपडीत मालुबाई आहे, आपल्या मळ्याच्या बांधाला बांध असलेली. तिने मिरच्या आणल्या होत्या, ओल्याच. माळाला ओल, पसरायला जागा नाही. तिने दाराशी उभी असलेली तिरडी आडवी केली, चार दगडांवर टेकवली, वर जुने लुगडे अंथरले आणि मिरच्या वाळत घातल्या. मी म्हटले, "मालुबाई, हे काय?" म्हणाली, "उबी ऱ्हाऊन काय करतीया ती? पडू दे की जरा उपेगी." दोन दिवसांत सगळ्या तिरड्या आडव्या झाल्या. कुणी धुणे टाकले, कुणी वासरू बांधले. शामू न्हावी तर आपल्या तिरडीवर गिऱ्हाईक बसवून दाढी करतो. मी त्याला म्हटले, "शामू, आसन मोठे नेमके निवडलेस." तो म्हणाला, "गिऱ्हाईक हालत न्हाय, गुरुजी."

सोमवारी मालुबाईचा नवरा गेला. तिने मिरच्या सुपात भरल्या, तिरडी मोकळी करून दिली. बांबू दुर्मिळ, म्हणून माणसांनी त्याला चितेवर ठेवल्यावर तिरडी परत आणली आणि ओढ्यावर धुतली. परत आणली, भरमू. आपल्या मुलखात असे कधी झाले नव्हते. दुसऱ्या सकाळी बघतो तर तिच्यावर पुन्हा मिरच्या. मी काहीतरी बोललो असेन. ती म्हणाली, "माणूस गेलं, गुरुजी. मिरच्या हायत की अजून."

त्या दिवशी मी जेवलो नाही. प्रेमलाने विचारले, तर एकादशीचे निमित्त सांगितले. ती म्हणाली, "एकादशी बामनांची. आपली कवापासनं?" पकडला गेलो.

कांता ठीक. मी शिकवतो त्या स्तोत्राचे बारा श्लोक पाठ झाले; उरलेले बेळगावी म्हणून दाखवीन म्हणते.

जिनदत्त


बेळगाव, ता. १२ डिसेंबर १९०२

ती. आण्णांस साष्टांग नमस्कार.

नाक्यावर गाडी अडवू नये म्हणून साहेबांच्या सहीचा दाखला मिळवला आहे, तो सोबत जोडला आहे. त्यावर आपले आणि कांताचे नाव आहे. मुदत ३१ डिसेंबरपर्यंत. हा मिळवायला मला आठ दिवस उभे राहावे लागले, एवढेच सांगतो.

मी स्वतः आलो असतो. पण लागण झालेल्या गावाहून परतणाऱ्यास दहा दिवस कचेरीत घेत नाहीत, आणि तक्ते थांबवून चालत नाहीत. पौर्णिमा सोमवारी आहे. मंगळवारी निघावे.

मालुबाईचे वाचून कचेरीत कोणी हसले नाही. निदान लगेच नाही. काल हेडक्लार्क विचारत होते, "उपाध्ये, त्या मिरच्यांचं पुढं काय झालं हो?" नवे पत्र येते का म्हणून सगळे वाट बघतात. मीही बघतो, पण मला कांता हवी आहे.

भरमा


माळावरून, मार्गशीर्ष वद्य ७

चि. भरमूस आशीर्वाद.

दाखला मिळाला. सही मोठी सुरेख आहे. पण मध्येच निरोप आला, की शाळातपासनीस येणार. वडाखाली का होईना, माझी शाळा भरलेली दिसली पाहिजे. तो येऊन गेला की निघतोच.

शाळेचे सांगतो. पटावरचे नाव तपासनिसाच्या हुकमाशिवाय कमी करता येत नाही. म्हणून हजेरीला मी सगळी नावे घेतो, आहेत त्यांची आणि नाहीत त्यांची. पहिल्या दिवशी रवळूचे नाव पुकारले. पोरे खाली बघत होती. मग कुणीतरी हळूच म्हणाले, "गेला, गुरुजी." आता पोरांना सवय झाली आहे. "हजर" आणि "गेला" एकाच सुरात येतात, पाढे म्हणावेत तसे. परवा चार "गेला" लागोपाठ आले आणि पाचवा भावकू, चांगला ठणठणीत, तंद्रीत म्हणाला, "गेला, गुरुजी." सगळा वर्ग हसला. मीही हसलो. हसल्यावर वाईट वाटले, पण आधी हसलो.

सरकारी डॉक्टर येऊन छापील पत्रके वाटून गेला: जमिनीवर निजू नये, खाट वापरावी. खाटा बंद गावात, आणि गावात जायला बंदी. आमच्या झोपडीत तर मुंग्यांचे वारूळ निघाले. कांताने कूस बदलली की दहा-वीस जीव चिरडणार. जैनाच्या घरी हे कसे चालावे? ओल आणि मुंग्या, दोन्हींवर उपाय दाराशीच होता. चार दगड, वर तिरडी, वर गोधडी. प्रेमला दोन दिवस माझ्याशी बोलली नाही. तिसऱ्या दिवशी तिनेच दुसरी गोधडी आणून घातली. आता दिवसा मी त्या तिरडीवर बसून लिहितो. हे पत्रही तिथेच लिहितो आहे. बांबू लवचिक, पाठीला बरे वाटते.

बाकी विशेष काही नाही. खाली चि. कांता लिहीत आहे.

जिनदत्त

आप्पांना नमस्कार. मी मजेत हाय. मला खाट हाय, बाकीच्या पोरींना न्हाय. काकी रोज रडती आणि मग सैपाक करती. माझे वीस श्लोक झाले. मला न्यायला गाडी येणार का तुम्ही येणार? कांता.


बेळगाव, ता. २९ डिसेंबर १९०२

ती. आण्णांस नमस्कार.

दाखल्याची मुदत परवा संपते.

आपण कांताला तिरडीवर निजवले आहे. ही थट्टा असेल तर ह्या वेळी मला हसू आले नाही. हेडक्लार्कांना आले. "तुमचे बंधू कमाल आहेत" म्हणाले. मी मान हलवली आणि घरी आलो. मग वाटले, मीच पत्रे वाचून दाखवतो, मीच त्यांना हसायला शिकवले. यापुढे दाखवणार नाही.

पहिल्या पत्रात आपण त्या तिरडीकडे बघतही नव्हता. पाच आठवडे झाले फक्त. आण्णा, तपासनीस येवो न येवो. तिला तिथून उतरवा आणि निघा.

भरमा


माळावरून, पौष शुद्ध ९

चि. भरमूस आशीर्वाद.

तू शहरचा झालास. तिथे तिरडी म्हणजे तिरडी. इथे ती आधी दोन बांबू आहे. नाव मागाहून पडते. वस्तूचे स्वरूप एकाच अंगाने बघू नये, हे तुला लहानपणी मीच शिकवले होते. रागावू नकोस. तपासनीस आला नाही, दाखला संपला. नवा पाठव, म्हणजे लगेच निघतो.

परवाची हकीकत. गावचा चाकर मष्णू सनदी रोज सकाळी हलगी वाजवून रात्रीत कोण कोण गेले त्यांची नावे पुकारतो, म्हणजे सोयऱ्यांनी आंघोळ करावी. सगळा माळ त्यासाठी गोळा होतो. पंचांग ऐकावे तसे. परवा मष्णूने हलगी वाजवली आणि म्हणाला, "आज कोन न्हाय." कोणी हलले नाही. पाटील म्हणाले, "नीट बगितलास न्हवं रं?" तो पुन्हा सगळ्या झोपड्या फिरून आला. "न्हाय, पाटील. समदी हायत." तरी लोक उभेच. मालुबाई पुटपुटली, "मंग आता काय करायचं?" दुपारपर्यंत माणसांना चैन नव्हते. संध्याकाळी पलीकडच्या ओळीत एक म्हातारी गेली, तेव्हा कुठे चुली पेटल्या.

हे लिहिताना वाटते, की हे तुला विचित्र वाटेल. मला ते विचित्र वाटले होते का, ते आठवून बघतो आहे.

कांताचे स्तोत्र पुरे झाले. शेवटचा श्लोक चुकला म्हणून पुन्हा पहिल्यापासून म्हटले, हट्टी, तुझ्यासारखी. कालपासून अंगात थोडी कसर आहे. थंडी फार पडते. जांघेत दुखते म्हणते. रविवारी वडावर चढली होती, शीर लचकली असेल. प्रेमला सुंठ उगाळून लावते आहे.

जिनदत्त


बेळगाव, ता. १० जानेवारी १९०३, शनिवार

आण्णा,

जांघेत दुखते म्हणजे प्लेगची गाठ, हे या जिल्ह्यात पोराटोरांना ठाऊक आहे. आपल्या माळावर दीडशे माणसे त्यानेच गेली. आपल्याला कसे कळले नाही?

डॉक्टरला आज दाखवा, उद्या नको. मी रजेचा अर्ज दिला आहे. साहेब म्हणाले, या आठवड्याचे तक्ते पुरे करा, मग जा. पुरे करून निघतो. कचेरीत पुन्हा घेवोत न घेवोत.

तिला सांगा, आप्पा स्वतः येणार आहेत.

भरमा


माळावरून, पौष वद्य ४

चि. भरमूस आशीर्वाद.

पत्र पोचले. थंडी ओसरली आहे. तंबाखू यंदा चांगली आली होती, पण खुडायला हात नाहीत. पाने शेतातच पिवळी पडली. शाळातपासनिसाचा पुन्हा निरोप आला, की पुढच्या महिन्यात येईन. शामू न्हावी गेला, त्यामुळे सगळ्या माळाला दाढ्या वाढल्या आहेत. आमच्यात आणि ऋषिमुनींत आता तपाचाच काय तो फरक. शनिवारी दुपारी कांता गेली. हलवावे लागले नाही, निजली होती त्यावरच उचलली, सोय झाली. सोमवारी पाटलांचा धाकटा गेला. बांबूच्या गाड्या परवा आल्या, पण आता कोणाला नको आहेत. मालुबाईने दुसऱ्या तोड्याच्या मिरच्या आणल्या आहेत. तिची तिरडी मोडली, म्हणून आमची मागत होती. रिकामीच होती, दिली.

दाखला पाठवायची आता गरज नाही. प्रेमला बोलत नाही. तिला सवय व्हायला वेळ लागतो.

कळावे, लोभ असावा.

जिनदत्त


बेळगाव, ता. २१ जानेवारी १९०३

आण्णा,

आपले पत्र काल आले. मी ते एकदा वाचले आणि घडी घालून खिशात ठेवले. ऋषिमुनींचे वाचून हसलो. जेवायला बसलो. पहिला घास हातात असताना वाटले, काहीतरी वाचायचे राहिले. पत्र पुन्हा काढले.

ती ओळ मी ओलांडून गेलो होतो, आण्णा. आपण लिहून गेलात आणि मी वाचून गेलो.

पुढचे ऐका. त्या आठवड्याचा आपल्या गावचा आकडा माझ्याकडे गेल्या मंगळवारीच आला होता. सहा. मी तो स्वच्छ उतरवला. हेडक्लार्क म्हणाले, "उतरला की आकडा तुमच्या गावचा, आधी अकरा होते." मीही म्हटले, हो, उतरला. बरे वाटले मला. त्या सहात ती होती. तक्ते पुरे करून निघणार होतो, ते हेच तक्ते.

आता येऊन काय करू? रजा आज कुठे मंजूर झाली आहे. कागद टेबलावर पडला आहे.

एकच करा. ती तिरडी मोडा. आपल्या हाताने मोडा, बांबू जाळा. तिच्यावर पुन्हा कोणाला नेऊ नका, काही वाळत घालू नका. एवढे केलेत की मला लिहा. थट्टा नको. नुसते लिहा, मोडली.

भरमा


माळावरून, माघ शुद्ध ३

भरमू,

तुझे पत्र उभ्यानेच वाचले. मग बसायला गेलो आणि बसायला काही नव्हते, तेव्हा आठवले की ती मालुबाईकडे आहे.

कोयता घेतला. वाटेत शाळेची पोरे जमली होती, म्हणून हजेरी घ्यावी लागली. कांताचे नाव मीच कधीतरी हौसेने पटावर चढवले होते. ते आले. पोरे त्याच सुरात म्हणाली, "गेली, गुरुजी." मी पुढचे नाव घेतले. पुढचे नाव घेऊन झाल्यावर थांबलो. पोरे वाट बघत होती. मी मागे जाऊन तिचे नाव पुन्हा घेतले. पोरे पुन्हा म्हणाली, "गेली." तिसऱ्यांदा घेतले, तेव्हा भावकू उठला आणि म्हणाला, "गुरुजी, आमास्नी म्हाईत हाय. तुमीच बसा जरा." मी तिथे मातीत बसलो. मुंग्या होत्या. मुंग्यांचा विचार आला नाही.

मग मालुबाईकडे गेलो. तिरडी भरून मिरच्या होत्या, लालभडक, खालची एक सुतळीही दिसत नव्हती. मी म्हटले, ही मोडायची आहे. का, ते तिने विचारले नाही, कोयत्याकडे बघितले आणि म्हणाली, "मोडा की, गुरुजी. तुमचीच हाय ती. पर दोन दीस थांबा. वल्ल्या हायत."

मला नाही म्हणता आले नाही. न्यायशास्त्राला तेव्हा उत्तर सापडले नव्हते, आताही नाही. बांबू आता गाडीभर पडले आहेत, दुसरी बांधता आली असती. हे झोपडीत परत आल्यावर सुचले. तिथे नाही सुचले. तिथे ते अगदी रीतसर वाटले.

प्रेमला काल पहिल्यांदा बोलली. म्हणाली, "तोरण काढा." मी काढले.

"मोडली" असे लिही, म्हणालास. खोटे कसे लिहू? म्हणून रोज जाऊन बसतो. सकाळी एक बाजू उन्हाला लागली की दुपारी मिरच्या उलटवतो, म्हणजे लवकर वाळतील. मालुबाईला वाटते, मी तिला मदत करतो आहे. चांगल्या मिरच्या आहेत. हाताला झोंबतात, ते हात डोळ्यांना लागले की पाणी येते. तेवढेच येते.

आज तिसरा दिवस. आभाळ आले आहे.